सोसायचं कशासाठी?

‘आता काही करता येणार नाही, घरी घेऊन जा,’ असं डॉक्टर सांगतात आणि आपण मान डोलावतो. पण आजार बरा होणार नसला तरी वेदना कमी करता येते. ती कमी करून मागण्याचा पेशंटला हक्क आहे. आणि घरात तो हक्क मागायचं काम बऱ्याचदा आपल्याच पिढीवर येणार आहे.

‘घरी घेऊन जा. हवं ते खायला द्या. सेवा करा.’

कुठल्याही मोठ्या हॉस्पिटलच्या ओपीडीबाहेर थोडा वेळ बसलं, की हे वाक्य कधी ना कधी कानावर पडतं. ते ऐकून घेणारा माणूस दरवेळी पन्नाशीचाच असतो असं नाही. आईबाबांना रजा नसते, काका गावाला असतो. मग एका हातात फाइल, पाठीवर सॅक आणि मोबाइलमध्ये रिपोर्टांचे फोटो घेऊन उभी असते ती वीस-एकवीस वर्षांची नात, नाहीतर नातू. केसपेपरची लाइन, योजनेच्या कार्डाची झेरॉक्स, औषधांची चिठ्ठी ही सगळी कामं ‘तुला पटकन जमतं’ म्हणून आपल्याकडे येतात. आणि घरी जाऊन आजीला काय सांगायचं, हेही आपल्यालाच ठरवावं लागतं.

त्या वाक्याबद्दल मला भांडायचं आहे. ‘आजार बरा करण्यासाठी आता काही करता येणार नाही’ हे खरं असू शकतं. पण ‘काही करता येणार नाही’ हे खोटं आहे. वैद्यकशास्त्राच्या हिशेबानेही खोटं आहे. दुखणं, धाप, मळमळ, जखमेचा वास, रात्र रात्र झोप नसणं, भीती या सगळ्यावर करण्यासारखं खूप आहे. त्याची एक वेगळी शाखा आहे, तिची औषधं आहेत आणि त्यातली कित्येक महागही नाहीत. तरीही आपल्याकडे बहुतेक माणसं ते मिळाल्याशिवायच जातात. का?

‘सेवा करा’ म्हणजे नेमकं काय करा?

या शाखेचं नाव पॅलिएटिव्ह केअर. मराठीत परिहारक सेवा, उपशामक काळजी असे शब्द वापरतात, पण घराघरात अजून एकही रुळलेला नाही. गंभीर आजार असलेल्या माणसाचा त्रास कमी करायचा आणि त्याच्या घरच्यांनाही आधार द्यायचा, असा त्याचा साधा अर्थ. हे फक्त कॅन्सरपुरतं नाही. हृदय थकलेलं असणं, किडनी निकामी होणं, वर्षानुवर्षांचा दम्यासारखा फुप्फुसाचा आजार, पक्षाघात, स्मृतिभ्रंश या सगळ्यांत त्याची गरज लागते. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार जगात दरवर्षी ५ कोटी ६८ लाख लोकांना अशा काळजीची गरज असते आणि मिळते ती त्यांपैकी जेमतेम १४ टक्क्यांना.

पॅलिएटिव्ह म्हणजे ‘शेवटचे चार दिवस’ हा पहिला गैरसमज. अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलमध्ये फुप्फुसाचा कॅन्सर पसरलेल्या १५१ पेशंट्सवर एक अभ्यास झाला होता. तो २०१०मध्ये प्रसिद्ध झाला. निम्म्या लोकांना नेहमीचे उपचार दिले. उरलेल्यांना नेहमीच्या उपचारांबरोबरच सुरुवातीपासून पॅलिएटिव्ह टीमही दिली. दुसऱ्या गटातल्या लोकांचे दिवस बरे गेले, त्यांच्यात नैराश्य कमी होतं, हे अपेक्षितच होतं. पण ते जगलेही जास्त. पहिल्या गटात मध्यक आयुर्मान ८.९ महिने होतं, दुसऱ्या गटात ११.६ महिने. आणि हे सगळं शेवटच्या दिवसांतले जोरकस उपचार कमी घेऊन. एका अभ्यासावरून ‘पॅलिएटिव्हने आयुष्य वाढतंच’ असं मी म्हणणार नाही. पण ‘ते घेतलं म्हणजे हार मानली’ या समजुतीला त्यानं चांगलाच धक्का दिला.

वेदनेलाही घड्याळ लागतं

आपण डोकं दुखलं की गोळी घेतो. थांबलं की विसरतो. कॅन्सरच्या दुखण्याला हा हिशेब चालत नाही, कारण ते थांबतच नाही. १९८६मध्ये जागतिक आरोग्य संघटनेनं कॅन्सरच्या वेदनेसाठी एक शिडी सांगितली. पहिल्या पायरीवर पॅरासिटामॉलसारखी साधी औषधं, दुसरीवर सौम्य अफूजन्य औषधं आणि तीव्र वेदनेसाठी तिसरीवर मॉर्फिन. त्याबरोबर दोन सोपे नियम. शक्यतो तोंडानं औषध द्या, सुई नको. आणि घड्याळ लावून द्या.

यातला घड्याळाचा नियम घरच्यांनी नीट समजून घ्यायला हवा. मॉर्फिनच्या साध्या गोळीचा असर साधारण चार तास टिकतो. म्हणून ती चार-चार तासांनी, दुखणं परत येण्याच्या आधी द्यायची. ‘खूपच दुखलं तर घ्या’ असं सांगितलं, की पेशंट आधी कळवळतो, मग मागतो, मग गोळी लागू पडायची वाट बघतो. दिवसाचा निम्मा वेळ त्यातच जातो. म्हणून डॉक्टर सकाळी ६, १०, दुपारी २, संध्याकाळी ६ असं वेळापत्रक आखून देतात आणि झोपतानाचा डोस वाढवून देतात, म्हणजे मध्यरात्री कुणाला उठावं लागत नाही. मधेच कळ आली तर घ्यायचा जादाचा डोसही लिहून देतात.

मॉर्फिनचा त्रास होतो का? होतो. पहिले काही दिवस मळमळ आणि गुंगी असते, ती बहुतेकांची ओसरते. बद्धकोष्ठता मात्र ओसरत नाही. म्हणून मॉर्फिनच्या चिठ्ठीवर पोट साफ होण्याचं औषध नसेल, तर ते लगेच विचारायचं. किडनीचा आजार असेल तर डोसबाबत जास्त जपावं लागतं. थोडक्यात, हे औषध डॉक्टरनेच ठरवायचं आणि डॉक्टरनेच वाढवायचं. आपल्या मनानं डोस बदलायचा नाही आणि बंदही करायचं नाही.

प्रत्येक दुखण्याला मॉर्फिनच लागतं असंही नाही. नस दाबली गेल्याच्या वेदनेला फिट्सच्या किंवा नैराश्याच्या आजारातली काही औषधं कमी मात्रेत देतात. हाडात पसरलेल्या कॅन्सरच्या ठणक्याला रेडिएशनच्या थोड्या फेऱ्यांनीही आराम पडू शकतो. काही वेळा भूलतज्ज्ञ विशिष्ट नसेजवळ इंजेक्शन देऊन तिचा निरोपच थांबवतात.

आणि वेदनेपलीकडचं बरंच काही. धाप लागलेल्या माणसाला मॉर्फिनचा छोटा डोस मदत करतो. चेहऱ्यावर येणारा पंख्याचा वारासुद्धा करतो. टेबलफॅन नाहीतर साधा हातपंखा चालतो. तोंडाच्या किंवा स्तनाच्या कॅन्सरची जखम उघडी पडली, की तिला असा वास येतो की नातवंडं खोलीत जायची बंद होतात. पेशंटलाही ते कळतं. या वासावर मेट्रोनिडॅझॉल या जुन्या, स्वस्त गोळीची पूड जखमेवर वापरतात. वास येतो तो तिथल्या जंतूंमुळे आणि गोळी त्यांनाच मारते. ड्रेसिंग करणारी नर्स हे घरच्यांना शिकवू शकते. विचार करा, चार पैशांच्या गोळीनं एखादी आजी पुन्हा घराच्या मधल्या खोलीत येऊन बसू शकते.

शेवटच्या दिवसांत खाणं-पिणं सुटतं, तेव्हा आपण घाबरून ‘सलाइन लावा’ म्हणतो. बऱ्याचदा त्या वेळी गरज असते ती ओठ ओले ठेवण्याची, तोंड स्वच्छ करण्याची, कूस बदलण्याची. हीसुद्धा ट्रीटमेंटच आहे. ‘सेवा करा’ म्हणणाऱ्यानं एवढं जरी समजावून सांगितलं, तरी घरी जाणाऱ्या माणसाच्या हातात काहीतरी असेल.

अफू आपल्याकडेच पिकते

माझ्या एका मैत्रिणीच्या आजोबांना घशाचा कॅन्सर होता. ते राहायचे तालुक्याच्या गावी. मोठ्या शहरातल्या डॉक्टरांनी मॉर्फिनची चिठ्ठी दिली, आठवडाभराच्या गोळ्याही दिल्या. त्या संपल्यावर मैत्रीण गावातली आणि शेजारच्या गावातली औषधांची सगळी दुकानं फिरली. एका दुकानदारानं चिठ्ठी उलटसुलट बघून विचारलं, ‘हे कोणासाठी हवंय?’ गोळ्यांपेक्षा ती नजर जास्त लागली, असं ती सांगते. पुढचे दोन महिने दर आठवड्याला कुणीतरी एसटीनं शहरात जायचं आणि गोळ्या आणायचं.

या गोष्टीतला खलनायक तो दुकानदार नाही. त्याच्या घाबरण्याला कारण आहे. १९८५मध्ये देशात अमली पदार्थांविरोधी कायदा आला, तोच एनडीपीएस. तो नशेच्या धंद्याविरुद्ध होता, पण त्याच्या कचाट्यात औषधही सापडलं. मॉर्फिन ठेवायचं तर हॉस्पिटलला चार-पाच वेगवेगळे परवाने लागायचे, तेही वेगवेगळ्या खात्यांचे आणि सगळे एकाच वेळी वैध असलेले. एक येईपर्यंत दुसऱ्याची मुदत संपायची. चूक झाली तर शिक्षा जबर. हॉस्पिटलांनी मग सोपा मार्ग काढला आणि मॉर्फिन ठेवणंच बंद केलं. पुढच्या दहा-बारा वर्षांत देशातला मॉर्फिनचा वैद्यकीय वापर सुमारे ९७ टक्क्यांनी घसरला. डॉक्टरांच्या अख्ख्या एका पिढीनं हे औषध हातात न घेताच शिक्षण पूर्ण केलं.

आणि हा विरोधाभास बघा. मॉर्फिन बनतं अफूपासून. कायदेशीररीत्या अफूचा चीक काढणारा भारत हा जगातला महत्त्वाचा देश आहे. मध्य प्रदेश, राजस्थान आणि उत्तर प्रदेशात सरकारी परवान्यानं अफूची शेती होते. नीमच आणि गाझीपूरला सरकारी कारखाने आहेत. आपली अफू परदेशात जाते, तिथल्या पेशंटची वेदना शमवते. आणि ‘लॅन्सेट’च्या आयोगानं २०१७मध्ये हिशेब मांडला तेव्हा भारतात गरजेच्या फक्त ४ टक्के अफूजन्य वेदनाशामक पोहोचत होती.

डॉक्टर आणि कार्यकर्त्यांनी वर्षानुवर्षं पाठपुरावा केल्यावर २०१४मध्ये कायदा बदलला. मॉर्फिनसह सहा औषधं ‘अत्यावश्यक’ म्हणून वेगळी काढली आणि पाच परवान्यांच्या जागी मान्यताप्राप्त संस्थांना राज्याच्या औषध नियंत्रकाकडून एकच मान्यता पुरेशी झाली. म्हणजे कागदावरची अडचण बरीचशी सुटली आहे. डोक्यातली सुटलेली नाही. कायदा बदलला हे कित्येक हॉस्पिटलांनाच माहीत नाही, आणि ज्यांना माहीत आहे त्यांना अर्ज करायची घाई नाही. कारण मागणारा कुणी नाही.

यावर एक प्रश्न हमखास येतो. अमेरिकेत काय झालं ते बघितलं नाही का? बघितलं. तिथं पर्ड्यू फार्मा या कंपनीनं ‘ऑक्सीकॉन्टिन’ ही गोळी कंबरदुखीसारख्या दीर्घकाळच्या दुखण्यांसाठीही जोरात खपवली, व्यसनाचा धोका कमी आहे असं सांगितलं. २००७मध्ये आणि पुन्हा २०२०मध्ये कंपनीला कोर्टात गुन्हा कबूल करावा लागला. ती भीती खोटी नाही. म्हणूनच नोंदी हव्यात, प्रशिक्षित डॉक्टर हवा, उरलेल्या गोळ्यांचा हिशेब हवा. पण तिकडे औषधाचा महापूर आला म्हणून आपण आपला दुष्काळ चालू ठेवायचा, हे कसलं लॉजिक? केरळमध्ये गेली तीसेक वर्षं पेशंट घरच्या घरी मॉर्फिनच्या गोळ्या घेतायत, नोंदी ठेवून. नियंत्रण आणि उपलब्धता हे दोन्ही एकाच वेळी जमतं, हे आपल्याच देशानं करून दाखवलंय.

राहिला व्यसनाचा मुद्दा. काही आठवडे मॉर्फिन घेतल्यावर शरीराला त्याची सवय होते, म्हणून ते हळूहळूच कमी करावं लागतं. त्याला व्यसन म्हणत नाहीत. व्यसनात माणूस औषधामागे धावतो आणि आयुष्यातून उठतो. इथं उलट होतं. वेदना थांबलेला माणूस उठून बसतो, पेपर वाचतो, जेवताना पानात काय आहे ते विचारतो. आणि योग्य मात्रेत, देखरेखीखाली दिलेल्या मॉर्फिननं मृत्यू लवकर येतो, यालाही आधार नाही.

‘हूं की चूं केलं नाही’

कायद्यापेक्षा मोठा अडथळा आपल्या घरात आहे, असं मला वाटतं. आपल्याकडे सोसण्याचं फार कौतुक. माणूस गेल्यावर भेटायला येणारे म्हणतात, ‘शेवटपर्यंत हूं की चूं केलं नाही हो.’ जणू ती डिग्री आहे. ‘भोग आहेत, भोगून संपवायचे’ असंही म्हणतात. बायकांच्या बाबतीत तर विचारूच नका. आयुष्यभर ‘काही नाही गं, जरा अंग दुखतंय’ म्हणणारी आजी कॅन्सर झाल्यावर अचानक खरं सांगायला लागेल, अशी अपेक्षा कशी करायची? तिला तुम्हाला त्रास द्यायचा नसतो. त्यातून डॉक्टरांसमोर सगळं बोलायचं असतं मुलानं. आजी बाजूच्या स्टुलावर गप्प.

श्रद्धा ज्याची त्याला. एखाद्याला गुंगी नको असेल, नामस्मरण करता यायला हवं असेल, तर तोही त्याचा हक्क आहे आणि डोस त्याप्रमाणे ठरवता येतो. पण सोसायचं की नाही, हे पेशंटनं ठरवायचं. आपण त्याच्या वतीनं शूर व्हायचं नाही.

इथं आपल्याला एक गोष्ट मस्त करता येते. हॉस्पिटलमध्ये विचारतात, ‘० ते १०मध्ये किती दुखतंय?’ हा प्रश्न उपयोगाचा आहे, पण कित्येक आजी-आजोबांना तो आकडा सांगता येत नाही. त्यांच्याकडे त्याहून चांगली गोष्ट आहे, मराठी. ठणकतंय, ठसठसतंय, कळ येते, चमक मारते, सणक जाते, आग होते, मुंग्या येतात, मुरडा येतो, पेटका येतो, जड झालंय, बोचतंय. हे नुसते समानार्थी शब्द नाहीत. ‘आग होते’, ‘करंट लागल्यासारखी सणक जाते’ असं कुणी म्हणालं, तर दुखणं नसेचं असण्याची शक्यता वाढते आणि त्याचं औषध वेगळं असतं. ‘येते आणि जाते, मुरडा मारते’ म्हणजे कदाचित आतड्याचं. ‘एकाच जागी ठणकतं, कूस बदलली की जीव जातो’ म्हणजे कदाचित हाडाचं. आजीनं नेमका शब्द वापरलेला असतो. आपण डॉक्टरांना सांगताना मात्र ‘पेन आहे’ एवढंच सांगतो आणि सगळी माहिती तिथेच हरवते. तिचा शब्द जसाच्या तसा लिहून न्या. कुठं, केव्हा, कशानं वाढतं, कशानं थांबतं, तेही. मोबाइलमधली नोट्सची सोय फक्त किराणा यादीसाठी नसते.

दुखणं फक्त शरीराचं नसतं

लंडनमध्ये १९६७ साली सेंट ख्रिस्तोफर हॉस्पिस सुरू करणाऱ्या डॉ. सिसिली सॉन्डर्स आधी नर्स होत्या, मग समाजसेविका आणि त्यानंतर डॉक्टर झाल्या. त्यांनी एक कल्पना मांडली, संपूर्ण वेदनेची. शरीराचं दुखणं, मनाची भीती, पैशाची आणि घरच्यांची काळजी, ‘माझ्याच वाट्याला का’ हा प्रश्न, हे सगळं एकात एक गुंतलेलं असतं. एकच धागा सोडवून गाठ सुटत नाही.

केरळचे डॉ. एम. आर. राजगोपाल मूळचे भूलतज्ज्ञ. ते एक अनुभव अनेकदा सांगतात. कॅन्सरच्या वेदनेनं हैराण झालेले एक प्राध्यापक त्यांच्याकडे आले. राजगोपाल यांनी इंजेक्शन देऊन नस बधिर केली आणि दुखणं थांबलं. ‘परत कधी येऊ?’ असं त्यांनी विचारल्यावर, दुखलं नाही तर यायची गरज नाही, कारण कॅन्सर बरा होण्यातला नाही, असं राजगोपाल यांनी सांगितलं. त्या माणसाला हे तोवर कुणी सांगितलंच नव्हतं. त्याच रात्री त्यांनी आयुष्य संपवलं. नस बधिर झाली होती, माणसाकडे बघायचं राहून गेलं होतं. पुढे १९९३मध्ये राजगोपाल यांनी सहकाऱ्यांबरोबर कोझिकोडला पेन अँड पॅलिएटिव्ह केअर सोसायटी सुरू केली. २०१८मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली.

‘त्यांना सांगू नका हं, खचतील’ हे आपल्या घरांतलं ठरलेलं वाक्य आहे. त्यामागे प्रेमच असतं. पण आजोबांना बहुतेक वेळा कळलेलं असतं. ते आपल्यासाठी नाटक करतात, आपण त्यांच्यासाठी. शेवटी दोघंही एकटे. सगळं एका दमात सांगून टाका असं मी म्हणत नाही. त्यांना किती जाणून घ्यायचंय, हे निदान विचारायला हवं.

आणि आम्ही पत्रकारितेचे विद्यार्थी? आमच्याकडे एक छापील हेडलाइन तयारच असते, ‘कॅन्सरशी झुंज अपयशी’. आजाराला लढाई केलं, की औषध बंद करणारा पळपुटा ठरतो आणि वेदनाशामक मागणारा दुबळा. चमत्कारानं बरे झालेल्यांच्या बातम्या आपण देतो, बिनवेदना गेलेल्यांची बातमी कधी होत नाही. ती व्हायला हवी.

कॉलेजला काय करता येईल?

केरळचं वेगळेपण फक्त डॉक्टरांत नाही. मलप्पुरम जिल्ह्यात नव्वदच्या दशकाच्या शेवटी शेजाऱ्यापाजाऱ्यांनी मिळून काळजी घेणारं जाळं उभं राहिलं. साधी माणसं प्रशिक्षण घेतात, थोडे थोडे पैसे गोळा करतात, नर्सबरोबर घरोघरी जातात. त्यात शाळा-कॉलेजांतले विद्यार्थीही आहेत. २००८मध्ये तिथल्या सरकारनं त्यासाठी धोरणच आणलं.

आपण अगदी कोरे नाही आहोत. देशातलं पहिलं हॉस्पिस, शांती अवेदना सदन, १९८६मध्ये सुरू झालं ते मुंबईत वांद्र्याला. त्याची शाखा गोव्यात लोटलीलाही आहे. टाटा मेमोरियलमध्ये या विषयाचा स्वतंत्र विभाग आहे. पुण्यात वारज्याला १९९७पासून सिप्लाचं केंद्र विनामूल्य काम करतंय. २०१२मध्ये केंद्राचा राष्ट्रीय कार्यक्रम आला आणि आयुष्मान भारतच्या आरोग्य केंद्रांच्या सेवांच्या यादीतही पॅलिएटिव्ह केअर आहे. पण यादीत असणं आणि तालुक्याच्या गावी गोळी मिळणं यात एसटीचा अख्खा प्रवास आहे. मैत्रिणीच्या घरच्यांनी तो दर आठवड्याला केलाय.

एनएसएसच्या कॅम्पमध्ये आपण खड्डे खणतो, रोपं लावतो, पथनाट्य करतो. त्यातले दोन दिवस घरच्या पेशंटची काळजी शिकण्यासाठी का नसावेत? पाठीला जखमा होऊ नयेत म्हणून कूस कशी बदलायची, तोंड कसं स्वच्छ करायचं, गोळ्यांचा तक्ता कसा ठेवायचा, नुसतं बसून कसं ऐकायचं. एका नर्सला बोलावलं तरी पुरेल. त्यानंतर आठवड्यातून एक तास, वस्तीतल्या एका घरी. रात्रंदिवस जागणाऱ्या सुनेला तेवढ्यात डोळा लावता येईल.

मेडिकल, नर्सिंग, फार्मसीवाल्यांनी तर आपल्याच हॉस्पिटलमध्ये विचारायला हवं, आपल्याकडे तोंडानं घ्यायचं मॉर्फिन आहे का, नसेल तर मान्यतेसाठी अर्ज केलाय का? लॉवाल्यांनी २०१४ची दुरुस्ती सोप्या मराठीत लिहून काढावी आणि गावातल्या दुकानदारांपासून जिल्हा रुग्णालयापर्यंत पोहोचवावी. आम्ही मीडियावाले जिल्ह्या-जिल्ह्यात फोन लावून मॉर्फिन कुठं मिळतं याची यादी करू शकतो. ऑक्टोबरमधला दुसरा शनिवार हा जागतिक पॅलिएटिव्ह केअर दिवस असतो. तोपर्यंत एका जिल्ह्याची यादी जरी छापता आली, तरी पुढच्या कुणा नातीची दहा दुकानं फिरायची पायपीट वाचेल.

फाइल हातात असेल तेव्हा विचारा

• दुखणं कशामुळे आहे? त्यावर औषधाशिवाय दुसरा काही उपाय आहे का?

• गोळी ठरलेल्या वेळी द्यायची की दुखेल तेव्हा? मधेच कळ आली तर काय द्यायचं?

• मॉर्फिन दिलं असेल तर पोट साफ होण्याचं औषध लिहिलंय का?

• या गोळ्या आमच्या गावाजवळ कुठे मिळतील? किती दिवसांच्या मिळतील?

• रात्री त्रास वाढला तर कुणाला फोन करायचा?

• इथे पॅलिएटिव्ह केअरचा विभाग आहे का? नसेल तर जवळचा कुठला?